जेम्स डीनचा संच घेताय? आधी स्क्रीन टेस्ट बघा

हॉलिवूडचा पन्नासच्या दशकातला नट जेम्स डीन, त्याच्या तीन चित्रपटांचा ब्लू-रे संच घेणार असाल तर एक ऐका. डबा उघडल्याबरोबर चित्रपट लावू नका. आधी ‘फॉरेव्हर यंग’ हा मार्टिन शीनच्या निवेदनाचा माहितीपट बघा, मग ‘ईस्ट ऑफ ईडन’च्या डिस्कवर मागे ठेवलेल्या स्क्रीन टेस्ट, म्हणजे नटांच्या कॅमेऱ्यासमोर घेतलेल्या चाचण्या, आणि त्यानंतर चित्रपट. डब्यावर देखणा, डोळे किलकिले केलेला, वयाच्या चोविसाव्या वर्षी गेलेला मुलगा आहे. तो आपण टी-शर्टांवर आणि सलूनच्या भिंतींवर बघून बघून गुळगुळीत केलाय. माझ्यासारखीला हवा होता तो शिकणारा, धडपडणारा, लोकांच्या डोक्याला ताप देणारा नट. तो या डब्यात आहे, फक्त मागच्या दाराने जावं लागतं.

मी सांगलीत शाळा-कॉलेजातल्या मुलांची नाट्यशिबिरं घेते. त्याआधी बरीच वर्षं राज्य नाट्य स्पर्धेसाठी नाटकं केली, बसवली. आमच्याकडे पहिला मार्क आवाजाला. शेवटच्या रांगेतल्या आजोबांना वाक्य पोचलं नाही तर बाकी अभिनय घरी नेऊन ठेवा, असं मला शिकवलं गेलं आणि मीही तेच शिकवत आले. डीन याच्या अगदी उलट. शब्द गिळतो, पाठ फिरवून बोलतो, वाक्याच्या मध्येच हसतो. शिबिरातली मोठी मुलं “मॅडम, तो तर पुटपुटतोच की” म्हणून माझ्याशी भांडायला लागली, तेव्हा भाच्याला सांगितलं, शिकागोहून येताना हा संच आण. पुटपुटण्यामागे किती काम आहे ते दाखवायचं होतं.

संच वॉर्नरने २०१३ साली काढलेला. त्यात ‘ईस्ट ऑफ ईडन’, ‘रेबेल विदाउट अ कॉज’ आणि ‘जायंट’ हे तीन चित्रपट, तीन माहितीपट, शिवाय पुस्तिका, छायाचित्रं वगैरे कागदी ऐवज. कागदी ऐवज मी एकदा चाळला आणि परत आत ठेवला. संग्राहकांना त्यात रस असेल, मला नाही.

माहितीपट लावण्याआधी थोडी पार्श्वभूमी डोक्यात असली तर बरं. जन्म ८ फेब्रुवारी १९३१, इंडियाना राज्यातलं मॅरियन गाव. पुढे आईवडिलांबरोबर कॅलिफोर्नियात सांता मोनिकाला. १९४० मध्ये आई कर्करोगाने गेली, तेव्हा हा नऊ वर्षांचा. वडील तिकडेच राहिले आणि मुलाला आईच्या शवपेटीबरोबर आगगाडीने इंडियानाला परत पाठवलं. फेअरमाउंट नावाच्या छोट्या गावात आत्या ऑर्टेन्स आणि तिचा नवरा मार्कस विन्स्लो यांच्या शेतावर तो वाढला. क्वेकर या ख्रिस्ती पंथाचं साधं, कष्टाळू घर. ‘ईस्ट ऑफ ईडन’मध्ये बापाच्या एका शब्दासाठी तडफडणारा कॅल, म्हणजे डीन, बघताना हे आठवतंच, आणि आठवू द्यावं. पण सगळा अभिनय दुःखातून आला असं म्हणून मोकळं होणं मला पटत नाही. दुःख पुष्कळांच्या वाट्याला येतं.

त्याच्या वाट्याला ॲडलीन नॉल नावाच्या शिक्षिकाही आल्या. फेअरमाउंटच्या हायस्कुलात नाटक आणि वक्तृत्व शिकवायच्या. १९४९ साली त्यांनी त्याला स्पर्धेत उतरवलं, डिकन्सचा एक उतारा देऊन. वेड्या माणसाने स्वतः सांगितलेली त्याची कहाणी! राज्यात पहिला आला. राष्ट्रीय फेरी कोलोरॅडोतल्या लाँगमाँटला होती. उतारा ठरलेल्या वेळेपेक्षा लांब होत होता, बाईंनी कापायला सांगितला, पठ्ठ्याने ऐकलं नाही. सहावा आला. ज्यांनी ज्यांनी स्पर्धेत घंटा वाजायच्या आत मुलांना खाली उतरवण्यासाठी रक्त आटवलंय, त्या सगळ्यांच्या वतीने मी नॉलबाईंना दंडवत घालते. हट्टी आणि गुणी असं दोन्ही एकाच अंगात असलेलं मूल दर शिबिरात एखादं तरी असतं, आणि त्याच्यावरच आपला सगळा जीव जातो.

‘फॉरेव्हर यंग’ची खरी कमाई म्हणजे त्यातले टीव्हीवरच्या कामांचे तुकडे. कॉलेजसाठी तो परत कॅलिफोर्नियाला गेला, यूसीएलए या लॉस एंजेलिसमधल्या विद्यापीठात ‘मॅकबेथ’मध्ये माल्कम केला, १९५० च्या शेवटी पेप्सीच्या जाहिरातीत नाचला, १९५१ मध्ये ईस्टरच्या एका टीव्ही नाटकात येशूचा शिष्य जॉन झाला. त्या छोट्या भूमिकेवर एका शाळेतल्या मुलींनी चाहता मंडळ काढलं, म्हणजे हे प्रकरण तेव्हापासूनचं आहे! चित्रपटांत मात्र जेमतेम एखादं वाक्य. अभिनेते जेम्स व्हिटमोर यांच्याकडे तो शिकायला जायचा, त्यांनी सांगितलं, न्यूयॉर्कला जा. गेला. तिथे एका टीव्ही खेळात स्पर्धकांना द्यायच्या कसरती आधी स्वतः करून बघायचं काम मिळालं. ‘सी द जॅग्वार’ हे ब्रॉडवेवरचं पहिलं नाटक १९५२ च्या डिसेंबरात पाच प्रयोगांत आटोपलं. पाच! आपल्याकडे स्पर्धेतल्या नाटकालाही कधीकधी याहून जास्त नशीब मिळतं.

मधल्या काळात ॲक्टर्स स्टुडिओ या न्यूयॉर्कमधल्या नटांच्या नावाजलेल्या कार्यशाळेत प्रवेश मिळाला, तोही अगदी लहान वयात. तिथले गुरू ली स्ट्रासबर्ग यांनी त्याच्या एका सादरीकरणाची चिरफाड केली, त्यानंतर हा तिथे काही करून दाखवायला फारसा उभाच राहिला नाही. हे वाचल्यापासून मी मुलांच्या तालमीनंतर जरा जपून बोलते. म्हणजे प्रयत्न करते.

टीव्हीची ही कामं बघताना माझा हात सारखा रिमोटकडे जात होता, मागे नेण्यासाठी. त्या काळची टीव्ही नाटकं थेट प्रक्षेपित व्हायची. चुकलं तर चुकलं, पुन्हा घेणं नाही. पुढे अमेरिकेचे राष्ट्राध्यक्ष झालेले रोनाल्ड रेगन तेव्हा नट होते; त्यांच्याबरोबरच्या १९५४ च्या एका नाटकात डीन पिस्तूल घेऊन डॉक्टरांच्या घरात घुसलेला गुंड आहे. रेगन सरळ, इस्त्रीच्या सुटासारखे, आणि शेजारी हा मुलगा दर वाक्याला अंगातला वेगळाच कुठला तरी भाग हलवतोय. थोडं जास्तच करतो, हे कबूल. पण बघणाऱ्याची नजर रेगनकडे जात नाही. रंगमंचावर असला नट सहकलाकारांना नको असतो आणि दिग्दर्शकाला हवा असतो.

संचात ही टीव्ही नाटकं अख्खी नाहीत, तुकडेच आहेत. माझ्यासारख्या गिऱ्हाइकाला ही सगळ्यात मोठी उणीव. एखादं पूर्ण नाटक असतं तर मुलांसमोर लावून चर्चा करता आली असती. त्यामानाने बाकीच्या दोन माहितीपटांत तेच ते छायाचित्र, तीच ती वाक्यं फिरून येतात. ‘सेन्स मेमरीज’ त्यातल्या त्यात बरा, १९८८ चा ‘फॉरेव्हर जेम्स डीन’ मी भाजी निवडत बघितला.

आता स्क्रीन टेस्ट. ‘ईडन’च्या डिस्कवर डीन आणि त्याच्या भावाचं काम केलेला रिचर्ड डॅव्हालोस यांच्या चाचण्या आहेत. ना पार्श्वसंगीत, ना मोठा सेट. दोन तरुण नट आणि कॅमेरा. डॅव्हालोस वाक्य बोलतो. डीन वाक्य बोलायच्या आधी काहीतरी करतो, मग बोलतो, आणि बोलून झाल्यावर ऐकतो. हे ‘ऐकणं’ मला मुलांना दाखवायचं होतं. पुटपुटणं कुणालाही येतं. समोरच्याचं वाक्य पहिल्यांदाच कानावर पडतंय असं ऐकणं येत नाही.

हे डोळ्यांत साठवून मग ‘ईस्ट ऑफ ईडन’ बघावा. एलिया कझान यांचा हा चित्रपट मार्च १९५५ चा, डीनचं मोठं असं पहिलंच काम, आणि तो जिवंत असताना प्रदर्शित झालेला तिघांतला एकच. वाढदिवसाला कॅल बापाला पैसे भेट देतो. घेवड्याच्या व्यापारात, युद्धाच्या चढ्या भावात कमावलेले. बाप ते नाकारतो. संहितेनुसार कॅलने दुखावून निघून जायचं होतं. डीनने नोटा हातात घेऊन बापाच्या अंगावर झोकून दिलं, रडत, विव्हळत. बापाचं काम करणारे रेमंड मॅसी जुन्या वळणाचे, शब्दाला शब्द लावून बोलणारे. त्यांना या पोराची पद्धत मुळीच आवडत नव्हती. ते अक्षरशः भांबावले, तोंडातून फक्त कॅलचं नाव निघालं. कझान यांनी तोच शॉट ठेवला. दोघांमधली चीड त्यांनी मुद्दामच मिटवली नव्हती.

आमच्या पिढीने मॅसींची बाजू घ्यायला हवी, नाही का? ठरलेली हालचाल मोडणाऱ्या नटाला मी तालमीतून बाहेर काढलंय. तरीही त्या दृश्यात मॅसींचा ताठ, गोंधळलेला हात बघा. तो हात कुठे ठेवावा हेच त्यांना कळत नाही, आणि मुलाला जवळ घ्यायला न शिकलेल्या बापाचं ते इतकं अचूक चित्र आहे की दिग्दर्शनाने आलंच नसतं. ब्लू-रेवर हे दिसतं, कारण चित्राची रुंदी पूर्ण ठेवलीय. सिनेमास्कोपचा तो आडवा पडदा, बायबल वाचनाच्या प्रसंगात तिरका केलेला कॅमेरा, एका टोकाला बाप आणि दुसऱ्या टोकाला मुलगा. टीव्हीवर जुन्या काळी कडा कापून दाखवायचे, त्यात यातलं अर्धं जायचं.

‘रेबेल’बद्दल थोडक्यात, कारण त्याच्याबद्दल सगळेच बोलतात. निकोलस रे यांनी सुरुवातीचे काही दिवस कृष्णधवल चित्रीकरण केलं, मग स्टुडिओने रंगीत करायला लावला, म्हणून डीनचं ते गाजलेलं लाल जॅकेट. पोलिस ठाण्यात टेबलावर मुठी आपटण्याचा प्रसंग आहे, त्यात डीनचा हात खरोखरच दुखावला होता. तो प्रसंग आजही अंगावर येतो. बाकी चित्रपट मला आता जुना वाटतो. एप्रन घातलेला बाप म्हणजे दुबळा बाप, हे गणित तेव्हाही कच्चं असणार. या डिस्कवर जपून बघण्यासारखी एक चीज मात्र आहे: ‘जायंट’च्या वेषात, हातात दोरी घेऊन बसलेल्या डीनची गिग यंग यांनी घेतलेली छोटी टीव्ही मुलाखत. विषय रस्त्यावरची सुरक्षितता. गाडी जपून चालवा असं तो स्वतःच सांगतो. त्याच महिन्यात, ३० सप्टेंबर १९५५ ला, कॅलिफोर्नियात चोलामजवळ त्याच्या पोर्शेची दुसऱ्या गाडीशी धडक झाली. ‘रेबेल’ प्रदर्शित झाला तो त्यानंतर महिना पुरा व्हायच्या आत. मुलाखतीत त्याला कॅमेऱ्याकडे सरळ बघणं अवघड जातंय, ते मला जास्त लक्षात राहिलं.

‘जायंट’ २०१ मिनिटांचा. जॉर्ज स्टीव्हन्स यांना त्यासाठी दिग्दर्शनाचं ऑस्कर मिळालं, डीनला नामांकन. मरणोत्तर नामांकन त्याला लागोपाठ दोन वर्षं मिळालं, आधी ‘ईडन’साठी, मग याच्यासाठी. पहिला भाग उत्तम. जमीन विकायला सांगणाऱ्या पैसेवाल्यांसमोर जेट रिंक, म्हणजे डीन, नुसता दोरीशी खेळत बसतो, आणि मग मिळालेला तुकडा लांब ढांगा टाकत पावलांनी मोजतो. शब्द जवळजवळ नाहीत. शिबिरात मी हे दोन प्रसंग आवाज बंद करून दाखवले. उत्तरार्धात केस पांढरे करून म्हातारा झालेला जेट मात्र चोवीस वर्षांच्या मुलाने केलेला म्हातारा वाटतो. मेजवानीतलं दारूच्या नशेतलं भाषण इतकं अस्पष्ट होतं की नंतर काही वाक्यं पुन्हा ध्वनिमुद्रित करावी लागली. तोवर डीन नव्हता, म्हणून ती निक ॲडम्स या मित्राच्या आवाजात घेतली. आवाजाबद्दलचा माझा मुद्दा अगदीच चुकीचा नाही, एवढंच मुलांना सांगितलं. मुलं हसली.

व्यवहाराचं बोलायचं तर, माझ्या साध्या प्लेअरवर सगळं चाललं, पण परदेशी डिस्क घेताना रीजन कोड, म्हणजे ती कुठल्या भागातल्या प्लेअरवर चालते याची खूण, बघून घ्या. इंग्रजी सबटायटल चालू ठेवा, डीनसाठी ती लागतातच. तुमच्याकडे मोठा फोर-के टीव्ही असेल आणि फक्त चित्रपट हवे असतील तर तिन्ही आता फोर-केमध्ये सुटे निघालेत, ते घ्या. अभिनय शिकणाऱ्याने किंवा शिकवणाऱ्याने मात्र हा जुना संच शोधावा, माहितीपट आणि चाचण्यांसाठी. सांगलीत असाल तर विकत घेऊ नका, माझ्याकडे येऊन बघा. उसना देत नाही. आणि ‘जायंट’ बघायचा असेल तर जेवणाचा डबा घेऊन या.