अ‍ॅस्पेन कार्ड : आठवड्याला ४९ पौंड १८ पेन्स

ब्रिटनमध्ये आश्रयासाठी अर्ज केलेला आणि गाठीला पैसा नसलेला माणूस आपला आठवडा ज्या वस्तूवर काढतो, ती म्हणजे अ‍ॅस्पेन कार्ड. दिसायला साधं डेबिट कार्ड. होम ऑफिस, म्हणजे तिथलं गृहखातं, त्यात दर आठवड्याला, साधारण सोमवारी, पैसे भरतं. आपण परदेशी जाताना फॉरेक्स कार्ड घेतो, त्याच जातकुळीतलं. पण इथे पैसे भरणारा, कार्ड चालू-बंद करणारा आणि कुठे किती खर्च झाला ते पाहणारा एकच आहे, आणि तो कार्डधारक नाही. कार्ड म्हणून ते बऱ्यापैकी चालतं. आधार म्हणून मात्र ते फार तोकडं आहे.

आधी काय होतं ते पाहिलं की कार्डाची जमेची बाजू कळते. २००० साली आश्रय मागणाऱ्यांना रोख रकमेऐवजी व्हाउचर देत. दुकानदार त्यावर सुटे परत देत नसे, आणि गल्ल्यापाशी ते व्हाउचर काढलं की रांगेतल्या सगळ्यांना कळे की हा माणूस कोण. २००२ मध्ये ती पद्धत गेली. अर्ज नाकारल्यावरही मदतीवर असलेल्यांसाठी २००९ मध्ये अझूर कार्ड आलं, ते ठरावीक दुकानांतच चाले. २०१७ पासून अ‍ॅस्पेन आहे. कार्ड घेणाऱ्या कुठल्याही साध्या दुकानात ते पिन टाकून चालतं. ही सुधारणा खरी आहे.

कार्ड मिळतं १९९९ च्या इमिग्रेशन अँड असायलम कायद्याखाली. तीन कलमं लक्षात ठेवायची. कलम ९८ म्हणजे मदतीच्या अर्जावर निर्णय होईपर्यंतची तात्पुरती मदत, कलम ९५ म्हणजे आश्रयाचा अर्ज चालू असतानाची नियमित मदत आणि कलम ४ म्हणजे आश्रयाचा अर्ज फेटाळला गेल्यावर काही विशिष्ट कारणांसाठी दिलेली मदत. मदतीच्या अर्जाचा फॉर्म एएसएफ१. तो मायग्रंट हेल्प या संस्थेच्या मदतीने भरता येतो. येत्या १४ दिवसांत राहायला जागा किंवा जगायला पैसा उरणार नाही, हे त्यात दाखवावं लागतं. फॉर्म अडकतो तो बहुधा इथेच : आजवर कशावर भागवलं, याचं उत्तर कोरं राहतं. ओळखीच्या माणसाकडे राहत असाल, तर ‘यापुढे ठेवून घेणं मला शक्य नाही’ असं त्याचं तारीख घातलेलं, सही केलेलं पत्र जोडावं. बँक खातं असेल तर स्टेटमेंट जोडावं आणि त्यातल्या प्रत्येक मोठ्या रकमेपुढे ती कुठून आली ते लिहावं.

आता रक्कम. जानेवारी २०२४ पासून स्वतः रांधून खाणाऱ्याला माणशी आठवड्याला ४९.१८ पौंड ठरले, म्हणजे दिवसाला सात पौंड. जेवण देणाऱ्या हॉटेलात ठेवलेल्यांना त्याच वेळी ८.८६ पौंड ठरले. त्याआधी हा आकडा ९.५८ होता, म्हणजे महागाईच्या काळात तो खाली आला. ४९.१८ मध्ये अन्न, कपडे, साबण-टूथपेस्ट, साधी औषधं, प्रवास आणि फोन असं सगळं बसवायचं. सर्वात कमी उत्पन्न असलेल्या दहा टक्के कुटुंबांचा खर्च पाहून हा हिशेब मांडतात. २०२४-२५ मध्ये पंचविशीपुढच्या एकट्या माणसाला युनिव्हर्सल क्रेडिट (कमी उत्पन्नाच्या लोकांना मिळणारा नेहमीचा सरकारी भत्ता) महिन्याला ३९३.४५ पौंड होतं, आठवड्याला सुमारे ९१. आश्रय मागणाऱ्याला त्याच्या निम्म्याहून थोडं जास्त मिळतं. घरभाडं आणि वीज वेगळी भरली जाते हे खरं, पण तेवढ्याने ही दरी भरून निघत नाही.

हा दर आपोआप वाढत नाही. २०२२ मध्ये तो ४०.८५ होता. वाढ हवी असं खात्याच्याच अधिकाऱ्यांनी सांगूनही तो तिथेच राहिला. शेवटी त्या डिसेंबरात हायकोर्टाने हे बेकायदा ठरवलं, तेव्हा तो ४५ झाला. मदतीच्या दरासाठी कोर्टाची पायरी चढावी लागते, ही या सेवेतली सर्वात मोठी खोट आहे.

हॉटेलातला दर ८.८६ होता तेव्हा त्याचं काय होत असे ते बघा. जानेवारी २०२५ पासून इंग्लंडमध्ये बसच्या एका फेरीला तीन पौंडांपर्यंत पडतात. वकिलाकडे एकदा जाऊन आलं की सहा गेले, उरले २.८६. त्यात आठवड्याचा मोबाइल डेटा, आणि वकिलाचा ईमेल त्याच मोबाइलवर येणार. रोख काढायची तर आणखी पंचाईत : बहुतेक एटीएम दहाच्या खाली नोट देत नाहीत. म्हणजे हॉटेलात राहणाऱ्या, कलम ९५ खालच्या माणसाला एक नोट हाती यायला दुसऱ्या सोमवारची वाट पाहावी लागते, आणि तोवर कार्डावरचं काही खर्चायचं नाही. कोपऱ्यावरच्या दुकानांतली एटीएम वर शुल्क कापतात. ती टाळून बँकेच्या भिंतीतलं मशीन गाठावं. कलम ४ च्या कार्डावर तर रोख मुळीच निघत नाही. बाजारातला रोखीचा भाजीवाला आणि नाण्यांवर चालणारं धुलाईयंत्र त्या माणसासाठी बंद. ऑनलाइन खरेदी या कार्डाने कुणालाच करता येत नाही, त्यामुळे ऑनलाइन स्वस्त मिळणारं तिकीटही हातचं जातं.

याच काळात सरकार हॉटेलवाल्यांना काय देत होतं? २०२४-२५ मध्ये माणशी एका रात्रीचे सुमारे १४५ पौंड. सरकारी खर्च तपासणाऱ्या नॅशनल ऑडिट ऑफिसच्या मे २०२५ च्या हिशेबात राहण्याच्या कंत्राटांवरच्या वार्षिक खर्चातला ७६ टक्के वाटा हॉटेलांचा होता आणि हॉटेलांत होते फक्त ३५ टक्के लोक. हॉटेलवाल्याला माणशी रात्रीला १४५ आणि त्या माणसाच्या हातात दिवसाला सव्वा पौंड. पैसा नाही, ही सबब इथे चालत नाही. आणि हा माणूस कमवूही शकत नाही. अर्ज १२ महिने रखडला तरच कामाची परवानगी मागता येते, आणि मिळाली तरी ठरावीक यादीतल्या कामांपुरतीच.

काही हक्काच्या गोष्टी मागितल्याशिवाय मिळत नाहीत, म्हणून इथेच सांगतो. गरोदर बाईला आठवड्याला ५.२५ पौंड जादा, वर्षाच्या आतल्या बाळाला ९.५०, एक ते तीन वर्षांच्या मुलाला ५.२५. बाळंतपणासाठी एकदाच ३०० पौंड, त्यासाठी वेगळा अर्ज करावा लागतो. इंग्लंडमध्ये एचसी२ (उपचारांच्या खर्चातून सूट देणारं) प्रमाणपत्र असलं की औषधं आणि दातांचे उपचार फुकट होतात आणि दवाखान्याच्या प्रवासाचा खर्चही मागता येतो. बसचं तिकीट जपून ठेवावं.

नजर ठेवण्याचा प्रश्न वेगळाच. कार्ड कुठे, कधी वापरलं हे होम ऑफिसला दिसतं, आणि दुसऱ्या गावात खर्च दिसला की ‘तुम्ही दिलेल्या पत्त्यावर राहत नाही’ असा आक्षेप येऊ शकतो. नियम असा : परवानगीशिवाय सलग सात दिवस-रात्रींपेक्षा जास्त, किंवा सहा महिन्यांत एकूण १४ पेक्षा जास्त, बाहेर राहायचं नाही. म्हणून नातेवाइकाकडे जायचं असेल तर घराची व्यवस्था पाहणाऱ्या कंत्राटदाराला आधी लेखी कळवावं. कार्ड भावालासुद्धा वापरायला देऊ नये. एक किलो तांदूळ कुठे घेतला यावरून डोक्यावरचं छप्पर जाऊ शकतं, अशा तऱ्हेने माणसाला ठेवणं कुठल्याच श्रीमंत देशाला शोभत नाही.

आता बिघाड. मे २०२१ मध्ये कार्ड चालवणारी कंपनी बदलली, सोडेक्सो जाऊन प्रीपेड फायनान्शियल सर्व्हिसेस आली, आणि त्या अदलाबदलीत अनेक कुटुंबांकडे चालणारं कार्डच उरलं नाही. कारण साधं : नवं कार्ड टपालाने यायचं होतं आणि हातात आल्यावर चालू करून घ्यायचं होतं. पत्ता बदललेला असला, टपाल हॉटेलच्या काउंटरवर पडून राहिलं किंवा नाव चुकलं की साखळी तुटते. हे आजही होतं, विशेषतः एका गावातून दुसऱ्या गावी हलवल्यावर.

कार्ड बंद पडलं तर मायग्रंट हेल्पला त्याच दिवशी फोन करावा. फोन फुकट आहे, चोवीस तास चालतो आणि दुभाषा मागता येतो. संदर्भ क्रमांक घ्यावा, वेळ लिहून ठेवावी. मग कंत्राटदाराच्या अधिकाऱ्याकडे आणीबाणीची मदत मागावी आणि ‘घरात अन्न नाही, मूल इतक्या वयाचं आहे’ हे स्पष्ट सांगावं. नुसतं ‘कार्ड चालत नाही’ म्हटलं की प्रकरण साध्या तक्रारीत जमा होतं. मदतच बंद केल्याचं पत्र आलं असेल तर अपिलाला कामकाजाचे फक्त तीन दिवस असतात. पाकीट उघडलं की त्यावर तारीख घालावी आणि फोटो काढावा. असायलम सपोर्ट अपील्स प्रोजेक्ट ही संस्था अशा सुनावणीत विनामूल्य मदत करते. ब्रिटनमधली जी मराठी मंडळी फूडबँकेत काम करतात त्यांना एक सुचवणं : डाळ-तांदळासोबत बसचं दिवसभराचं तिकीट आणि फोनचा रिचार्ज द्या. कार्डाला नेमकं तेच झेपत नाही.

सर्वात वाईट कडा मात्र आश्रय मंजूर झाल्यावर येते. मंजुरीनंतर ठरावीक मुदतीत मदत थांबते, मूळ मुदत २८ दिवसांची. डिसेंबर २०२४ मध्ये ही मुदत प्रयोग म्हणून ५६ दिवस केली होती, पण सप्टेंबर २०२५ मध्ये एकट्या प्रौढांसाठी पुन्हा २८ झाली. युनिव्हर्सल क्रेडिटचा पहिला हप्ता अर्जानंतर पाच आठवड्यांनी येतो, म्हणजे ३५ दिवस. मुदत २८ दिवसांची असेल तर पहिल्याच दिवशी अर्ज केला तरी मधला आठवडा कोरडा जातो. ‘ॲडव्हान्स’ मिळतो, पण ते कर्ज असतं, पुढच्या हप्त्यांतून कापलं जातं. म्हणून निर्णयाचं पत्र आलं त्या दिवशीच ई-व्हिसाचं (राहण्याच्या परवान्याच्या ऑनलाइन नोंदीचं) खातं उघडावं आणि नावाचं स्पेलिंग, जन्मतारीख तपासावी, कारण तिथली चूक बँक आणि घरमालक दोघांकडे अडते. त्याच दिवशी युनिव्हर्सल क्रेडिटचा अर्ज करावा. इंग्लंडमध्ये असाल तर कौन्सिलकडे, म्हणजे स्थानिक पालिकेकडे, बेघर होण्याची नोंद करावी. ५६ दिवसांत बेघर होणार असलेल्याला मदत करणं २०१७ च्या कायद्याने कौन्सिलवर बंधनकारक आहे. बँक खात्याच्या मागेही लगेच लागावं. आणि अ‍ॅस्पेनवर उरलेली रक्कम कार्ड बंद होण्याआधी वापरून टाकावी.