निवृत्तिवेतन शाखेची सेवा: आदेश ८ आठवड्यांचा, प्रतीक्षा ११ महिन्यांची

माझ्या आईच्या कुटुंब निवृत्तिवेतनाची थकबाकी ८ आठवड्यांत द्यावी, असा मुंबई उच्च न्यायालयाचा स्पष्ट आदेश असतानाही संबंधित शासकीय कार्यालयाच्या निवृत्तिवेतन शाखेने ११ महिने लावले आणि सत्तरी ओलांडलेल्या आईला बोरिवलीहून चर्चगेटपर्यंत ७ हेलपाटे घालावे लागले. आवक-जावक कक्षाने प्रत्येक अर्जाची पोच तत्परतेने दिली, हे आवर्जून नोंदवतो. परंतु नस्ती (फाईल) कोणाकडे अडली आहे, हे कोणीही सांगितले नाही. न्यायालय अवमान अधिनियम, १९७१ च्या कलम २० नुसार अवमानाची कार्यवाही एका वर्षाच्या आतच सुरू होऊ शकते, म्हणून मुदत संपण्यापूर्वी वकिलांमार्फत नोटीस धाडली. त्यानंतर ९ दिवसांत रक्कम जमा झाली. विलंबाचे व्याज अजूनही मिळालेले नाही, आणि ते जबाबदार अधिकाऱ्याच्या वेतनातून वसूल व्हावे, अशी मागणी मी लेखी केली आहे.