प्लेस्टेशन २ वर पेन ड्राइव्हमधून गेम: ओपन पीएस२ लोडर वापरल्यानंतरचा अभिप्राय

आमच्या घरातल्या प्लेस्टेशन २ ची लेन्स गेल्या पावसाळ्यात थकली. डिस्क घालून झाकण लावले, की आत फिरल्याचा आवाज येई, दोन-तीनदा खरखर होई आणि मग पडद्यावर तो ओळखीचा लालसर रंग पसरून ‘प्लेस्टेशन किंवा प्लेस्टेशन २ ची डिस्क घाला’ अशी सूचना उमटे. डिस्क आतच असे, फक्त ती वाचायची ताकद लेन्समध्ये उरलेली नव्हती. दुरुस्तीला नेल्यावर जुन्याच यंत्रातून काढलेली लेन्स बसवून देण्याची तयारी दाखवण्यात आली, आणि ती किती दिवस टिकेल याची खात्री कोणी देईना. हा कन्सोल ४ मार्च २००० रोजी जपानमध्ये विक्रीला आला, जगभरात त्याचे १५ कोटींहून अधिक नग खपले आणि २०१३ मध्ये त्याचे उत्पादन थांबले, हे लक्षात घेतले तर नव्या सुट्या भागांची अपेक्षा करणे अवघडच आहे. म्हणून लेन्सला वळसा घालून, कन्सोलच्या पुढच्या बाजूला असलेल्या यूएसबी पोर्टमधून गेम चालवण्याचा मार्ग मी स्वीकारला. आठ महिन्यांच्या वापरानंतर त्याविषयी सविस्तर लिहीत आहे, कारण अनेकांच्या माळ्यावर असे यंत्र पडून असेल आणि ते टाकून देण्याची गरज नाही असे मला मनापासून वाटते.

या मार्गाला तीन गोष्टी लागतात. पहिली म्हणजे ‘फ्री एमसी बूट’ (कन्सोल सुरू होताना बाहेरचे सॉफ्टवेअर चालवू देणारा छोटा प्रोग्रॅम) घातलेले मेमरी कार्ड, दुसरी साधा पेन ड्राइव्ह आणि तिसरी ‘ओपन पीएस२ लोडर’ हे सॉफ्टवेअर, ज्याला वापरणारे सगळे थोडक्यात ‘ओपीएल’ म्हणतात. ओपीएल विनामूल्य आहे, त्याचा मूळ कोड सर्वांसाठी खुला आहे आणि हौशी मंडळी आजही त्यात सुधारणा करत असतात. कार्ड पहिल्या खाचेत ठेवून कन्सोल सुरू केला, की नेहमीच्या मेनूमध्ये काही नव्या ओळी दिसतात, आणि त्यातली ओपीएलची ओळ निवडली की पेन ड्राइव्हवरच्या गेमची यादी समोर येते. कन्सोल उघडावा लागत नाही, आत चिप बसवावी लागत नाही, आणि कार्ड काढून घेतले की यंत्र पुन्हा पूर्वीसारखे होते. चिप बसवण्यासाठी यंत्र उघडून डाग देण्याचे दिवस ज्यांनी पाहिले आहेत, त्यांना या सोयीचे मोल वेगळे सांगायला नको.

कार्ड घेताना मात्र डोळे उघडे ठेवायला हवेत. मी आधी एका विक्रेत्याकडून ६४ एमबीचे स्वस्त कार्ड मागवले होते. मेनू व्यवस्थित येई, पण तिसऱ्या आठवड्यात त्यावर साठवलेली प्रगती अर्धवट पुसली गेली आणि पाचव्या आठवड्यात कार्ड दिसेनासे झाले. त्यानंतर मूळ कंपनीच्या ८ एमबीच्या कार्डावर फ्री एमसी बूट घालून घेतले, आणि आजतागायत ते एकदाही अडलेले नाही. दुसरी काळजी मॉडेलची. यंत्राच्या तळाला चिकटवलेल्या पट्टीवर ‘एससीपीएच’ या अक्षरांपुढे क्रमांक छापलेला असतो. माझा कन्सोल ७७००० मालिकेतला आहे, त्यामुळे प्रश्न आला नाही, परंतु ९०००० मालिकेतल्या शेवटच्या काळातील यंत्रांवर फ्री एमसी बूट चालत नाही, कारण त्यांच्या अंतर्गत सॉफ्टवेअरमधली ती वाट बंद करण्यात आली होती. अशा यंत्रांसाठी ‘ओपनट्यूना’ नावाचा दुसरा उपाय उपलब्ध आहे. कार्ड मागवण्यापूर्वी ती पट्टी वाचली नाही, तर पैसे वाया जाण्याची शक्यता बरीच असते.

गेम पेन ड्राइव्हवर आणण्यासाठी आधी डिस्कची प्रत संगणकावर काढावी लागते. माझ्याजवळ स्वतः विकत घेतलेल्या चौदा डिस्क आहेत, आणि मी फक्त त्यांच्याच प्रती काढल्या. आपल्या कायदेशीर ताब्यातल्या संगणकीय प्रोग्रॅमची, तो नष्ट होण्यापासून संरक्षण म्हणून, राखीव प्रत काढण्याची मुभा १९५७ च्या भारतीय कॉपीराइट कायद्याच्या कलम ५२ मध्ये दिलेली आहे. इतरांच्या डिस्कच्या प्रती किंवा इंटरनेटवरून उतरवलेले गेम त्या तरतुदीत बसत नाहीत, आणि त्या वाटेने जाण्याचा सल्ला मी देणार नाही. चंदेरी तळाच्या डिस्क म्हणजे डीव्हीडी. त्या संगणकाच्या साध्या डीव्हीडी ड्राइव्हमध्ये घालून इमेज काढणाऱ्या कोणत्याही प्रोग्रॅमने आयएसओ फाइल, म्हणजे संपूर्ण डिस्कची एका फाइलीतली जशीच्या तशी प्रत, बनवता येते, मी त्यासाठी ‘इमजबर्न’ वापरले. निळसर तळाच्या डिस्क म्हणजे सीडी, आणि त्यांच्या प्रतीचे आयएसओमध्ये रूपांतर करावे लागते. माझ्या चौदापैकी बारा डिस्क पूर्ण वाचल्या गेल्या. ‘क्रिकेट ०७’ ची डिस्क इतकी घासलेली होती, की तिला चाळीस मिनिटे लागली, पण ती वाचली गेली, आणि कन्सोलने जी डिस्क नाकारली होती ती संगणकाच्या ड्राइव्हने सोडवून दिल्याचा आनंद मोठा होता. उरलेल्या दोन डिस्कचा वरचा चकचकीत थरच उडालेला होता, त्यांना इलाज नाही. ज्यांच्याकडे जुन्या डिस्क आहेत त्यांनी, कन्सोलचे पुढे काय करायचे हे ठरवण्याआधीच, त्यांच्या प्रती काढून ठेवाव्यात असे मला आग्रहाने सांगावेसे वाटते.

आता पेन ड्राइव्हच्या तयारीविषयी, कारण बहुतेकांची गाडी इथेच अडते. ओपीएलच्या दीर्घकाळ वापरात असलेल्या आवृत्त्यांना फॅट३२ पद्धतीने फॉरमॅट केलेला ड्राइव्ह लागतो. फॅट३२ मध्ये एक फाइल ४ जीबीपेक्षा मोठी असू शकत नाही, आणि प्लेस्टेशन २ चे काही गेम त्याहून मोठे आहेत. त्यांच्यासाठी ‘यूएसबीयुटिल’ नावाचा छोटा प्रोग्रॅम फाइलचे एकेक जीबीचे तुकडे करून देतो आणि ओपीएल ते तुकडे सलग एक गेम म्हणून वाचते. ओपीएलच्या १.२.० च्या चाचणी आवृत्त्यांपासून एक्सफॅट या, मोठ्या फाइलीही ठेवू देणाऱ्या, फॉरमॅटची सोय झाल्यामुळे तुकडे करण्याची गरज उरलेली नाही, मात्र मी सुरुवात जुन्या पद्धतीने केली होती. फाइली कुठे ठेवायच्या याचा नियम सोपा आहे: ड्राइव्हवर ‘सीडी’ आणि ‘डीव्हीडी’ अशी इंग्रजी नावांची दोन फोल्डर करायची आणि मूळ डिस्क ज्या प्रकारची होती त्या फोल्डरमध्ये तिची प्रत टाकायची.

खरी मेख आहे ती फाइल सलग असण्याची. पेन ड्राइव्हवरून फाइली वारंवार पुसून नव्या टाकत गेलो, की मोठी फाइल रिकाम्या जागा सापडतील तशी तुकड्या-तुकड्यांनी विखरून लिहिली जाते. संगणकाला त्याचे काही वाटत नाही, पण ओपीएलला, विशेषतः जुन्या आवृत्त्यांना, गेमची फाइल सुरुवातीपासून शेवटपर्यंत एका ओळीत हवी असते, आणि ती तशी नसेल तर गेम यादीत दिसतो पण सुरू होत नाही. दोन संध्याकाळी मी कार्डाला, केबलला आणि डिस्कच्या प्रतीला दोष देत बसलो होतो, आणि शेवटी कारण निघाले ते हे. त्यानंतरचा माझा शिरस्ता असा, की गेम बदलायचे असतील तर ड्राइव्ह पूर्ण रिकामा करून नव्याने फॉरमॅट करायचा आणि एकेक फाइल क्रमाने टाकायची, दोन फाइलींची नक्कल एकाच वेळी सुरू करायची नाही.

वेगाविषयी थोडे विस्ताराने लिहिणे आवश्यक आहे, कारण संपूर्ण अनुभवाची चांगली-वाईट बाजू याच एका गोष्टीवर ठरते. प्लेस्टेशन २ चे दोन्ही यूएसबी पोर्ट १.१ या पिढीचे आहेत. त्यांची कागदावरची मर्यादा सेकंदाला १२ मेगाबिट, म्हणजे दीड एमबी, आणि प्रत्यक्षात हाती येते ते सेकंदाला साधारण १ एमबी. याउलट कन्सोलचा स्वतःचा डीव्हीडी ड्राइव्ह चौपट वेगाचा आहे, म्हणजे तो उत्तम स्थितीत सेकंदाला ५ एमबीच्या आसपास वाचू शकतो. कन्सोलची मुख्य मेमरी ३२ एमबी आहे. समजा, एखाद्या गेमला ती सगळी भरून घ्यायची असेल, तर डिस्कवरून त्याला सहा-सात सेकंद लागतील आणि पेन ड्राइव्हवरून अर्धा मिनिट. म्हणून महागडा, नव्या पिढीचा वेगवान पेन ड्राइव्ह घेऊन इथे काहीही साधत नाही, कारण अडथळा ड्राइव्हमध्ये नसून पोर्टमध्ये आहे. मी दोन वेगवेगळ्या किमतीचे ड्राइव्ह घड्याळ लावून तपासले, आणि फरक शून्य निघाला. पोर्टेबल हार्ड डिस्क लावायची असेल तर तिला पोर्टमधून मिळणारी वीज पुरेलच असे नाही, त्यामुळे ३२ जीबीचा साधा ड्राइव्हच मला सर्वांत योग्य वाटतो.

या मर्यादेचा परिणाम प्रत्येक गेमवर निराळा होतो. जे गेम सुरुवातीला हवे ते मेमरीत घेतात आणि मग निवांत चालतात, ते पेन ड्राइव्हवरून उत्तम चालतात. ‘क्रिकेट ०७’ हे त्याचे चांगले उदाहरण. मैदान उघडायला डिस्कपेक्षा अधिक वेळ लागतो, पण एकदा सामना सुरू झाला की चेंडू, फलंदाज, क्षेत्ररक्षण यांत कुठेही खंड पडत नाही. मार्क निकोलस आणि रिची बेनॉ यांचे समालोचन क्वचित अर्धा क्षण मागे पडते, तेवढेच. भारतातल्या एका पिढीने या गेमवर उन्हाळ्याच्या सुट्ट्या काढल्या आहेत, आणि तो पुन्हा मूळ यंत्रावर, मूळ कंट्रोलर हातात धरून खेळता येणे हेच माझ्यासाठी या सगळ्या खटाटोपाचे सार्थक आहे. ‘टेकन ५’ मध्ये सुरुवातीची चित्रफीत अडखळते, आवाज तुटतो, परंतु प्रत्यक्ष लढत निर्दोष चालते.

ज्या गेमना खेळता-खेळता सतत वाचत राहावे लागते, त्यांची गोष्ट वेगळी. ‘ग्रँड थेफ्ट ऑटो: सॅन अँड्रियास’ मध्ये शहर हे तुम्ही पुढे जाल तसे डिस्कवरून येत असते. पेन ड्राइव्हवरून खेळताना वेगाने गाडी चालवली, की समोरचा रस्ता आणि इमारती उशिरा उमटतात, आणि संवादांचे आवाज ओठांच्या हालचालींशी जुळत नाहीत. खेळता येते, पण मन लागत नाही. ‘गॉड ऑफ वॉर २’ हा दुहेरी थराच्या डीव्हीडीवरचा गेम, त्याची फाइल मोठी आणि चित्रफिती पुष्कळ. तो मी दोनदा प्रयत्न करून ड्राइव्हवरून काढून टाकला. ओपीएलमध्ये प्रत्येक गेमसाठी स्वतंत्रपणे निवडता येणारे काही पर्याय आहेत, ज्यांना तिथे ‘मोड’ म्हटले आहे. त्यांपैकी चौथा मोड चित्रफिती गाळून पुढे नेतो, आणि चित्रफितीपाशी गोठणाऱ्या काही गेमना त्याचा उपयोग होतो. पण कथेसाठी खेळायचे गेम चित्रफिती गाळून खेळणे मला पटत नाही.

वापरातल्या दोन सोयींचा उल्लेख करायलाच हवा. एल१, एल२, आर१, आर२, स्टार्ट आणि सिलेक्ट ही सहा बटणे एकत्र दाबली, की चालू गेममधून थेट ओपीएलच्या यादीत परत येता येते, उठून कन्सोलपर्यंत जावे लागत नाही. प्रगती साठवण्यासाठी ड्राइव्हवरच आभासी मेमरी कार्डाची फाइल बनवण्याची सोयही आहे, मात्र मी ती वापरत नाही. एकाच अरुंद पोर्टातून गेमही वाचायचा आणि त्याच ड्राइव्हवर लिहायचेही, हे मला जोखमीचे वाटते, आणि दुसऱ्या खाचेतल्या जुन्या कार्डावर २००९ पासूनच्या नोंदी अजून शाबूत आहेत, तिथेच नव्याही जातात.

एवढ्या अनुभवानंतर माझे मत असे, की ज्यांची लेन्स गेली आहे, ज्यांच्याजवळ स्वतःच्या डिस्क आहेत आणि ज्यांचा कल क्रिकेट, मारामारीचे आणि लहान गेम यांच्याकडे आहे, त्यांनी हा मार्ग निःशंकपणे घ्यावा. मोठ्या, उघड्या जगाच्या गेमसाठी मात्र यूएसबी निवडू नये. जाड मॉडेल असेल तर मागच्या खाचेत नेटवर्क अडॅप्टर लावून हार्ड डिस्क बसवता येते आणि तो सर्वांत समाधानकारक उपाय आहे. माझ्यासारखे सडपातळ मॉडेल असेल तर त्यात लॅन केबलचे पोर्ट मुळातच आहे, आणि त्यातून संगणकावरची फाइल वाचण्याची सोय ओपीएलमध्ये आहे. तिचा वेग यूएसबीपेक्षा बराच जास्त मिळतो. मेमरी कार्डाच्या खाचेत बसणारे एसडी कार्डाचे अडॅप्टरही आता मिळते, तेही यूएसबीपेक्षा वेगवान आहे.

माझ्या बारा गेमपैकी नऊ पेन ड्राइव्हवर कायमचे राहिले आहेत. उरलेल्या तिघांसाठी पाच मीटरची लॅन केबल आणली आहे, आणि येत्या रविवारी ‘सॅन अँड्रियास’ आधी तिच्यावरून चालवून पाहायचा आहे.