डुकरांसाठीची मिनरल मिश्रणं : कोणत्या जातीला कोणतं पोतं?

पशुखाद्याच्या दुकानात डुकरांसाठी मिनरल मिक्श्चर मागितलं की बहुतेक ठिकाणी समोर येतं ते गाई-म्हशींचं. ‘सगळ्याच जनावरांना चालतं’ हेही वर ऐकायला मिळतं. ते अर्धवट खरं आहे. कुठे चालतं आणि कुठे अंगाशी येतं, हे तुमच्या शेडमध्ये कोणती डुकरं आहेत आणि ती किती वेगानं वाढतात यावर ठरतं. बाजारात मिळणाऱ्या मिश्रणांबद्दल हे मत. ब्रँडची नावं मुद्दाम घेतलेली नाहीत. एकाच कंपनीचं एक पोतं चांगलं आणि दुसरं टाकाऊ असू शकतं, त्यामुळे लेबल वाचता येणं जास्त कामाचं.

आधी गुरांचं मिश्रण. आयएस १६६४ या भारतीय मानकाप्रमाणे बनवलेलं, बिनमिठाचं असेल तर त्यात किमान २० टक्के कॅल्शियम, १२ टक्के फॉस्फरस, ५ टक्के मॅग्नेशियम, ०.८ टक्के जस्त, ०.४ टक्के लोह आणि ०.१ टक्के तांबं असतं. १०० किलो खाद्यात असं २ किलो घातलं, तर खाद्यात ०.४ टक्के कॅल्शियम, ०.२४ टक्के फॉस्फरस, आणि किलोमागे १६० मिलिग्रॅम जस्त, ८० मिलिग्रॅम लोह, २० मिलिग्रॅम तांबं जातं. डुकराच्या हिशेबानं जस्त आणि तांबं भरपूर झालं, लोहही वाढत्या जनावराला पुरतं. कोबाल्टचे पैसे मात्र वाया. ते गाईच्या कोठीपोटातल्या जिवाणूंना बी-१२ तयार करायला लागतं. डुकराला बी-१२ तयारच द्यावं लागतं. मॅग्नेशियम मका-सोयात आधीच पुरेसं असतं.

खरी अडचण सेलेनियमची. या मानकात ते नाहीच. मोठ्या डुकराच्या खाद्यात किलोमागे ०.१५ मिलिग्रॅम, आणि दूध तुटलेल्या पिलांना ०.३ मिलिग्रॅम सेलेनियम लागतं. ते आणि व्हिटॅमिन ई कमी पडलं की मरतं ते पिलावळीतलं सगळ्यात गुटगुटीत पिलू, तेही रात्रीतून, काही लक्षण न दाखवता. शवविच्छेदनात हृदयावर तुतीसारखे लाल डाग दिसतात. शिवाय ही कमतरता असलेल्या मादीच्या पिलांना लोहाचं इंजेक्शन दिलं की काही तासांत पिलं दगावू शकतात, आणि दोष इंजेक्शनला दिला जातो. तेव्हा मांसासाठी वाढवलेल्या, ५० किलोच्या पुढच्या डुकराला गुरांचं मिश्रण चालेल. गाभण मादीला आणि दूध तुटलेल्या पिलांना नको.

दुसरा प्रकार सरळ टाळावा असा आहे. लेबलवर कॅल्शियम २८-३० टक्के आणि फॉस्फरस ४-५ टक्के दिसला, की समजा ते पोतं मुख्यतः चुनखडीच्या भुकटीचं आहे. घरच्या घरी ओळखायची रीत सोपी आहे: काचेच्या पेल्यात चमचाभर मिश्रण घ्या, वर व्हिनेगर ओता. कॅल्साईट, म्हणजे हीच चुनखडीची भुकटी, भरपूर असेल तर लगेच फसफसून वर येतं. डायकॅल्शियम फॉस्फेट, म्हणजे डीसीपी, जवळजवळ गप्प बसतो. तळाला वाळूसारखा करकरीत गाळ राहिला, तर भरताड आहे. असं मिश्रण स्वस्त म्हणून दुप्पट घातलं जातं आणि त्यातून उद्भवतो जस्ताचा आजार. जास्तीचं कॅल्शियम आणि धान्यातलं फायटेट (धान्य ज्या रूपात फॉस्फरस साठवतं ते) मिळून जस्ताला आतड्यातच बांधून ठेवतात. खाद्यात जस्त असूनही ते अंगी लागत नाही. दोन ते चार महिन्यांच्या डुकरांच्या पायांवर, पोटाखाली आणि कानामागे दोन्ही बाजूंना सारख्याच कोरड्या, भेगाळलेल्या खपल्या येतात. लोक त्याला खरूज समजून औषधं मारत बसतात. खरजेत डुक्कर भिंतीला अंग घासून घासून हैराण होतं. या खपल्यांना फारशी खाज नसते. पांढऱ्या यॉर्कशायर जातीच्या डुकरावर त्या लांबूनही दिसतात, काळ्या गावठी डुकरात मात्र हात फिरवूनच कळतात.

घेण्यासारखा आहे तो ‘स्वाइन ट्रेस मिनरल प्रीमिक्स’. यात कॅल्शियम-फॉस्फरस नसतो, फक्त जस्त, लोह, तांबं, मँगनीज, आयोडीन, सेलेनियम असतं, आणि मात्रा टनाला अर्धा ते एक किलो. लेबलवरचा टक्का बघून भुलू नका, गुणाकार करा. १ टक्का म्हणजे किलोमागे १०,००० मिलिग्रॅम. १० टक्के जस्ताचं प्रीमिक्स टनाला १ किलो घातलं तर खाद्यात किलोमागे १०० मिलिग्रॅम जस्त येतं, अर्धा किलो घातलं तर ५०. तुलनेला अमेरिकेच्या नॅशनल रिसर्च कौन्सिलचे २०१२ चे आकडे धरा, सगळे खाद्याच्या किलोमागे मिलिग्रॅममध्ये. ११ किलोच्या आतल्या पिलांना जस्त १०० आणि लोह १००. २५ ते ५० किलोच्या डुकरांना दोन्ही ६०. गाभण आणि पाजणाऱ्या माद्यांना जस्त १००, लोह ८० आणि मँगनीज २५. तांबं वाढत्या डुकरांना ३ ते ६ पुरतं, गाभण मादीला १०, पाजणारीला २०. आयोडीन सगळ्यांनाच ०.१४. सेलेनियमचा आकडा लेबलवर नसेल, तर ते पोतं घेऊ नका, दुकानदार काहीही म्हणो.

या तक्त्यांत जातीचा रकाना नाही. आहे ते वजन, लिंग, अंगावर चढणारं मांस आणि मादीच्या बाबतीत पिलांची संख्या. जात खनिजांची गरज बदलते ती यातूनच. म्हणून ‘यॉर्कशायर स्पेशल’, ‘ड्युरॉक स्पेशल’ अशा नावांची पाकिटं जास्त पैसे देऊन घेण्यात अर्थ नाही. बहुतेकांत ट्रेस मिनरलचं गणित तेच असतं आणि फरक असतो तो कॅल्शियमच्या भरतीत. जातीप्रमाणे बदलायचंय ते डीसीपी आणि कॅल्साईट सुटं घेऊन शेडवरच बदलता येतं, तेही बरंच स्वस्तात.

उदाहरणाला साधं खाद्य घेऊ: मका ६५ किलो, सोया डीओसी (तेल काढलेली पेंड) २० किलो, गव्हाचा कोंडा १२ किलो. एवढ्यात कॅल्शियम जेमतेम ०.०९ टक्के असतं. फॉस्फरस ०.४२ टक्के दिसतो, पण त्यातला बराचसा फायटेटमध्ये अडकलेला. डुकराच्या पदरात साधारण तिसरा हिस्सा पडतो. लार्ज व्हाइट यॉर्कशायर किंवा लँडरेसच्या २५ ते ५० किलोच्या संकरित डुकरांसाठी १०० किलोला १ किलो डीसीपी आणि ९०० ग्रॅम कॅल्साईट घाला. कॅल्शियम ०.६६ टक्क्यांवर आणि एकूण फॉस्फरस ०.६० वर येतो. डीसीपीत २३ टक्के कॅल्शियम, १८ टक्के फॉस्फरस, आणि कॅल्साईटमध्ये ३८ टक्के कॅल्शियम धरलं आहे. पोत्यावर आकडे वेगळे असतील तर गणित त्याप्रमाणे फिरवा. ३५० ग्रॅम मीठ आणि प्रीमिक्स यावर वेगळं.

ड्युरॉक किंवा हॅम्पशायर नराची, मांसासाठी जाणारी पिलं असतील तर हेच प्रमाण ठेवा. ती वेगानं वाढतात, पण विकायचीच असल्यानं हाडं काठोकाठ भरण्याची गरज नसते. प्रजननासाठी राखायच्या माद्या मात्र २५-३० किलोपासूनच वेगळ्या काढा, विशेषतः लँडरेसच्या. लांब पाठ आणि नाजूक पाय ही या जातीची ठेवण. हाड पूर्ण मजबूत व्हायला कॅल्शियम आणि फॉस्फरस दोन्ही नुसत्या वाढीच्या गरजेपेक्षा किमान ०.१ टक्का जास्त लागतात. त्यांच्या खाद्यात डीसीपी दीड किलो करा, कॅल्साईट ९०० ग्रॅमच राहू द्या. नुसता कॅल्साईट वाढवणं ही नेहमीची चूक, त्यानं हाड भरत नाही आणि जस्ताचा आजार ओढवतो. मात्र लंगडणारं प्रत्येक डुक्कर कॅल्शियमच्या कमतरतेनंच लंगडतं असं नाही. सांध्यातल्या कूर्चेचा बिघाड, गुळगुळीत सिमेंटची फरशी, वाढलेले खूर यांवर कोणतंही मिश्रण काम करत नाही.

गावठी डुकरं, गोव्याची नोंदणीकृत ‘अगोंदा गोवन’ किंवा तशीच लहान चणीची काळी जात असेल, तर वाढ सावकाश असते. तिला १०० किलोला ६०० ग्रॅम डीसीपी आणि ८०० ग्रॅम कॅल्साईट पुरतो. यॉर्कशायरचं खाद्य तिला दिलं तर लगेच काही बिघडत नाही, पण पैसे खतात जातात. बंगालची घुंगरू देशी असली तरी या हिशेबात बसत नाही. ती बहुप्रसवा म्हणून ओळखली जाते, त्यामुळे तिच्या पाजणाऱ्या माद्यांना विदेशी मादीच्याच मापानं मोजा.

पाजणाऱ्या मादीचं गणित बघितलं की जातीचा फरक आकड्यात दिसतो. डुकरिणीच्या एक किलो दुधात साधारण २ ग्रॅम कॅल्शियम जातं. ११-१२ पिलं पाजणारी यॉर्कशायर दिवसाला ८ किलो दूध देत असेल तर १६ ग्रॅम कॅल्शियम नुसतं दुधातून निघून जातं, आणि खाल्लेल्यातलं अंगी लागतं साधारण निम्मं. ०.७५ टक्के कॅल्शियमचं खाद्य ती ५ किलो खात असेल तर ३७ ग्रॅम मिळतं आणि निभावतं. एप्रिल-मेच्या उकाड्यात तिचं खाणं साडेतीन किलोवर आलं की मिळतं २६ ग्रॅम. उरलेलं ती स्वतःच्या हाडांतून काढते. मग दूध तोडताना किंवा नराकडे नेताना मादी मागच्या पायांनी बसते, कधी मांडीचं हाडच मोडतं. उन्हाळ्यात म्हणूनच पाजणारीच्या खाद्यात कॅल्शियम ०.९ टक्क्यापर्यंत आणि त्याच प्रमाणात डीसीपी वाढवणं शहाणपणाचं. खाद्य पहाटे आणि रात्री द्यावं. सहा पिलं पाजणाऱ्या गावठी मादीवर ही वेळ क्वचितच येते.

बाटलीतल्या लिक्विड कॅल्शियमबद्दल थोडक्यात: बसलेल्या मादीला डॉक्टर येईपर्यंत आधार, बाकी काही नाही. त्यात फॉस्फरस फार थोडा असतो, आणि ग्रॅममागे किंमत काढली तर डीसीपीच्या कितीतरी पट पडते. चिलेटेड, म्हणजे खनिज सेंद्रिय रेणूला बांधलेल्या, मिश्रणांचं तसं नाही. कोंडा आणि राइस पॉलिश जास्त असलेल्या खाद्यात चिलेटेड जस्त हे साध्या झिंक सल्फेटपेक्षा जास्त अंगी लागतं. पण सगळ्या कळपाला घालण्याइतकं ते स्वस्त नाही. गाभण-पाजणाऱ्या माद्यांपुरतं ठेवावं. खाद्यात फायटेट फोडणारं फायटेज एन्झाइम असेल (किलोला ५०० युनिट), तर डीसीपी निम्म्यावर आणता येतो. मात्र ती भरपाई कॅल्साईटनं करू नका, कॅल्शियम फार झालं की फायटेजचंच काम मंदावतं.

पिलांच्या लोहाला कोणतंच पोतं उपयोगी नाही. पिलू जन्मतं तेव्हा अंगात साधारण ५० मिलिग्रॅम लोह असतं, रोज ७ मिलिग्रॅमच्या वर लागतं आणि आईच्या दुधातून मिळतं जेमतेम १. सिमेंटच्या फरशीवरची विदेशी पिलं पहिल्या आठवड्यात वजन दुप्पट करतात आणि दुसऱ्या-तिसऱ्या आठवड्यात पांढरी पडून धापा टाकू लागतात. त्यांना तिसऱ्या दिवशी आयर्न डेक्स्ट्रान (लोहाचं इंजेक्शन) २०० मिलिग्रॅम, मानेत, कानामागच्या स्नायूत द्या. मांडीत दिलं तर मांसावर डाग राहतो. कोकण-गोव्याच्या जांभ्याच्या लाल मातीत पहिल्या दिवसापासून उकरणाऱ्या गावठी पिलांना मातीतून बरंच लोह मिळतं, १०० मिलिग्रॅमवर भागतं. त्या मातीतून जंतही येतात, ते वेगळं सांभाळा.

मिसळण्यात हयगय झाली तर चांगलं प्रीमिक्सही वाया जातं. १०० ग्रॅम प्रीमिक्स आधी २ किलो मक्याच्या पिठात, ते १० किलो भरड्यात, मग पूर्ण १०० किलोत. थेट ढिगावर टाकलं तर कुणाला दहापट, कुणाला शून्य. पावसाळ्यात प्रीमिक्समधली जस्त-लोहाची सल्फेटं पाणी ओढतात आणि गड्डे होतात. असं पोतं चाळून वापरू नका, कारण चाळणीवर राहतं तेच जस्त-लोह असतं. व्हिटॅमिनची पुडी खनिजांत मिसळून महिनोन्‌महिने ठेवू नका, व्हिटॅमिन मरतात. आणि एकाच वाड्यात मेंढ्या असतील तर वाढीसाठी जादा तांबं (किलोमागे १२५ ते २५० मिलिग्रॅम) घातलेलं डुकरांचं खाद्य त्यांच्या तोंडी लागू देऊ नका. डुकराला जे सहज पचतं, त्यानं मेंढीचं यकृत निकामी होतं.

हॉटेलच्या उरलेल्या अन्नावर कळप असेल तर वरची सगळी मापं ढिली होतात. ते अन्न उकळूनच द्या, आफ्रिकन स्वाइन फीव्हर या डुकरांच्या जीवघेण्या साथीचा धोका आहे. त्यात मीठ आधीच भरपूर असतं, सुकी मासळी असेल तर विचारूच नका. वरून मीठ अजिबात नको. मीठ बाधतं ते बहुधा पाणी तुटल्यावर: मोटर जळते, टाकी रिकामी राहते, आणि डुकरं भिंतीला डोकं टेकून उभी राहतात, कुत्र्यासारखी बसतात, उलट्या पावलांनी चालत झटके देऊ लागतात. अशा वेळी टाकी एकदम भरून सोडू नका, मेंदूला सूज येऊन जास्त मरतात. तासातासानं थोडं थोडं पाणी द्या आणि डॉक्टरांना बोलवा.