मालवणचा किनारा, एक दिवस आणि कॅमेरा: तयार टूर, फोटोग्राफरसोबतची फेरी की दिवसभराची रिक्षा?

डिसेंबरात मालवणला सूर्य सातच्या सुमारास उगवतो आणि सहाच्या सुमारास बुडतो. मधे अकरा तासांचा उजेड असला, तरी किनाऱ्याच्या फोटोंसाठी खरे कामाचे तास जेमतेम चार. पहाटे सव्वासहापासून आठपर्यंत आणि संध्याकाळी साडेचारपासून अंधार पडेपर्यंत. बाकी वेळ वाळू पांढरी फटक, आकाश फिकट आणि माणसांच्या डोळ्यांखाली काळ्या सावल्या. म्हणून मालवण-तारकर्लीसाठी एक दिवसाची टूर घ्यावी का, असं कुणी विचारलं की मी दराआधी एकच विचारते: त्या टूरमध्ये सकाळी सातला आणि संध्याकाळी पावणेसहाला तुम्ही कुठे उभे असाल?

गेल्या काही वर्षांत मी हा किनारा तिन्ही प्रकारे पाहिला आहे. घरच्यांसोबत तयार टूरने, एका फोटोग्राफरच्या छोट्या गटाबरोबर आणि रिक्षा ठरवून एकटीने. तिन्हींत चांगले फोटो मिळाले, पण प्रत्येक वेळी वेगळे.

तयार टूर

गाडी नऊच्या आसपास मुक्कामावरून उचलते. आधी होडीने सिंधुदुर्ग किल्ला, मग तारकर्ली-देवबागला स्नॉर्केलिंग आणि बाकीचे पाण्यातले खेळ, उशिरा जेवण आणि शेवटी रॉक गार्डनचा सूर्यास्त. क्रम थोडाफार बदलतो, वेळा फारशा बदलत नाहीत. म्हणजे सकाळचा उजेड तुम्ही नाश्त्याच्या टेबलावर घालवता.

तरी या टूरला नावं ठेवायला मी तयार नाही, आणि त्याचं कारण किल्ल्यातला गाइड. कुरटे बेटावर २५ नोव्हेंबर १६६४ रोजी या किल्ल्याचं काम सुरू झालं आणि १६६७ मध्ये तो पुरा झाला, एवढं पाटीवरही वाचता येतं. पण महाद्वार बुरुजांच्या आड असं दडवलंय की होडी अगदी जवळ जाईपर्यंत ते दिसतच नाही, हे कुणीतरी होडीत बसल्या बसल्या सांगावं लागतं. मला ते सांगितलं गेलं, म्हणून मी होडीतून एकामागून एक सहा फोटो घेतले. पहिल्यात सलग तट, शेवटच्यात उघडा दरवाजा. त्या दिवसाचं सगळ्यात चांगलं काम तेच. शिवराजेश्वराच्या मंदिरानंतर गाइड दूधबाव, साखरबाव आणि दहीबाव या गोड्या पाण्याच्या तीन विहिरींकडे नेतो. डोक्यावर आलेल्या उन्हाचा किनाऱ्यावर काही उपयोग नसतो, पण विहिरीत तेच ऊन थेट पाण्यापर्यंत उतरतं. दुपारी किल्ल्यात असाल, तर तटावर उभं राहून समुद्राचे फोटो काढू नका, विहिरीत डोकवा.

पाण्याखालच्या फोटोंचंही तसंच. मालवणचा समुद्र १९८७ पासून सागरी अभयारण्य आहे. हिवाळ्यात पाणी नितळ असतं आणि मासे, प्रवाळ नीट दिसायला सूर्य वरच लागतो. तेव्हा ॲक्शन कॅमेरा घेऊन स्नॉर्केलिंग करायचं असेल, तर टूरची दुपार वाया जात नाही.

घाव बसतो तो संध्याकाळी. आमच्या टूरमध्ये एकूण चौदा माणसं होती. रॉक गार्डनला पोचलो तेव्हा सूर्य पाण्याला टेकायला दहा मिनिटं होती. तो बुडाला आणि लगेच हाका सुरू झाल्या, कारण लहान मुलं भुकेली होती. मुलांचं काही चुकलं नव्हतं. पण आकाशाला रंग चढतो तो सूर्य बुडाल्यावर पंधरा-वीस मिनिटांनी, आणि ती वीस मिनिटं मी गाडीच्या काचेतून बघितली. टूर ठरवताना मी हे विचारलं नव्हतं. तुम्ही विचारा: सूर्यास्तानंतर गाडी किती वेळ थांबेल?

फोटोग्राफरसोबतची फेरी

इथे चार ते आठ जण असतात आणि दिवस साडेपाचला सुरू होतो. आम्ही अंधारातच दांडीच्या किनाऱ्यावर पोचलो. सिंधुदुर्ग इथून पश्चिमेला, अगदी समोर. सकाळी सूर्य तुमच्या पाठीमागून, माडांवरून येतो आणि तट हळूहळू उजळत जातो. संध्याकाळी त्याच जागेवरून किल्ला काळा आणि मागचं आकाश पेटलेलं. जागा एकच, पण दोन टोकांचे दोन फोटो.

आमच्या फोटोग्राफरने सांगितलेली एक गोष्ट मला आयुष्यभर पुरेल. सूर्य किल्ल्यामागे बुडताना हवा असेल, तर किनाऱ्यावर कुठे उभं राहायचं ते महिन्यावर ठरतं. डिसेंबरात सूर्य नैऋत्येकडे सरकलेला असतो, म्हणून उत्तरेला मालवण बंदराच्या बाजूला सरका. एप्रिल-मेमध्ये तो वायव्येकडे झुकतो, तेव्हा दक्षिणेला वायरीच्या दिशेने चालत जा.

त्या सकाळी रापण होती. होडीने अर्धवर्तुळात सोडलेलं लांबच लांब जाळं, त्याची दोन्ही टोकं किनाऱ्यावर आणि प्रत्येक टोकाला रांगेत ओढणारी माणसं. फोटोला याहून चांगलं दृश्य या किनाऱ्यावर नाही. पण ही माणसं पोटासाठी घाम गाळत असतात. आमच्या फोटोग्राफरची तिथे बऱ्याच वर्षांची ओळख होती. तरीही एक आजोबा म्हणाले, "आदी हात लाव, मगे फोटो काढ." आम्ही कॅमेरे गळ्यात टाकून दोर ओढला. तळहात सोलवटले. त्यानंतर काढलेल्या फोटोंतले चेहरे माझ्याकडे बघतायत, लेन्सकडे नव्हे. ओळखीचा माणूस सोबत असण्याची किंमत मला तिथे कळली.

याची दुसरी बाजूही आहे. सहा ट्रायपॉड एका रांगेत लागले की सहा जणांचे फोटो एकसारखे येतात. शिवाय काही फोटोग्राफर शिकवायला आलेले असतात आणि काही स्वतःचे फोटो काढायला. पैसे देण्याआधी त्या माणसाने काढलेले फोटो बघाच, पण मागच्या गटात कोण होतं तेही विचारा, त्यांच्यापैकी एकाशी बोला. फोटोग्राफर शेजारी उभा राहून तुमच्या कॅमेऱ्याची सेटिंग बघतो का, एवढंच विचारा. लाटा फोटोत धुक्यासारख्या दिसायला एनडी फिल्टर, म्हणजे उजेड कमी करणारी काच, कसा वापरायचा किंवा ओल्या खडकावरची चमक पोलरायझर फिल्टरने कशी मारायची, हे समोर करून दाखवलं तर पाच मिनिटांत कळतं. कॅमेरा नवीन असेल, तर माझं मत याच फेरीच्या बाजूने आहे, थोडी महाग पडली तरी.

रिक्षा

तिसऱ्या खेपेला मी देवबागला राहिले आणि मालवणची एक रिक्षा दिवसभरासाठी ठरवली. रिक्षावाल्या काकांना फोटोग्राफीतलं काही कळत नव्हतं. मी त्यांना आदल्या रात्री म्हटलं, "काका, सकाळी सहाला निघूया." ते म्हणाले, "पयली सुकती बघूया, मगे टायम ठरवया." सुकती म्हणजे ओहोटी. उजेडाचा हिशोब मला येत होता, पाण्याचा त्यांना. एका दिवसात आमची जोडी छान जमली.

देवबाग ही चिंचोळी पट्टी आहे. पश्चिमेला अरबी समुद्र, पूर्वेला कर्ली नदी आणि मधे माडांत घरं. सूर्य नदीवर उगवतो आणि समुद्रात बुडतो, आणि दोन्हींच्या मधे काही मिनिटांची चाल. पश्चिम किनाऱ्यावर पाण्यावरचा सूर्योदय सहजासहजी मिळत नाही, इथे मिळतो. थंडीत पहाटे कर्लीवर धुकं तरंगत असतं, पलीकडच्या काठाचे माड त्यात अर्धे बुडालेले. डोलकाठीएवढा बांबू घेऊन होडी ढकलत एकटा माणूस जातो आणि तुमचं काम होतं. तयार टूर इथे पोचते तेव्हा धुकं विरलेलं असतं आणि नदीत मोटारबोटी सुरू झालेल्या असतात.

कर्लीच्या पलीकडे भोगवे आणि निवती. निवतीच्या किल्ल्यावरून उत्तरेला भोगव्याचा सगळा किनारा पायाखाली दिसतो आणि चारनंतरचं ऊन त्यावर डावीकडून पडतं. पण देवबागहून रस्त्याने जायचं, तर नेरूरपारच्या पुलावरून मोठा वळसा आहे. निवती आणि मालवण एकाच संध्याकाळी होत नाही. दोन्ही दाखवतो म्हणणारी टूर असेल, तर दोन्हीकडे भर उन्हात नेते एवढं समजा.

स्वतःच्या गाडीचं फार सांगण्यासारखं नाही. मोकळीक रिक्षाएवढीच, पण देवबागच्या अरुंद रस्त्यावर समोरून एसटी आली की सूर्यास्त रिव्हर्स गिअरमध्ये जातो. रात्रभर गाडी चालवून आलेला माणूस पहाटे पाचला उठतही नाही.

तारीख ठरवताना तिथी बघा

हा भाग मला सगळ्यात महत्त्वाचा वाटतो आणि कुठल्याही टूरच्या पत्रकात तो छापलेला नसतो. किनारपट्टीवर जुना हिशोब आहे: तिथीची पाऊणपट केली की पूर्ण भरतीची वेळ येते. पौर्णिमा किंवा अमावास्या म्हणजे पंधरावी तिथी, तिची पाऊणपट सव्वाअकरा. म्हणजे सव्वाअकराच्या सुमाराला भरती आणि साधारण सहा तासांनी, सव्वापाच-साडेपाचला ओहोटी. अर्धा-पाऊण तास इकडेतिकडे धरा.

याचा अर्थ असा की पौर्णिमा-अमावास्येच्या आसपास मोठी ओहोटी बरोबर सूर्यास्ताच्या तोंडावर येते. वाळू लांबवर ओली आणि आरशासारखी होते, सगळं आकाश तिच्यात उतरतं. दांडीसमोरच्या पद्मगड या छोट्या किल्ल्याकडे चालत जाता येतं, फक्त परतीची भरती लक्षात ठेवून. अष्टमीला उलटं. आठाची पाऊणपट सहा, म्हणजे सकाळ-संध्याकाळ दोन्ही वेळा पाणी भरलेलं. खडकांवर फुटणाऱ्या लाटा हव्या असतील तर अष्टमी, प्रतिबिंबं हवी असतील तर पौर्णिमा किंवा अमावास्या. कर्लीच्या मुखाजवळचा वाळूचा पट्टा, ज्याला सगळे त्सुनामी आयलंड म्हणतात, तोही ओहोटीलाच मोकळा होतो.

यातही माझी पसंती पौर्णिमेला. देवबागला समुद्रात सूर्य बुडतो आणि मागे वळून नदीवर गेलं की पलीकडच्या माडांवर चंद्र येत असतो. दुसऱ्या पहाटे याच्या उलट, नदीवर सूर्य आणि समुद्रावर मावळता चंद्र. हे एकदा बघितलं की तारीख शनिवार-रविवार बघून ठरवणं जमत नाही. तयार टूरची गर्दी मात्र शनिवार-रविवारीच असते. जुलै २०२५ मध्ये मराठ्यांच्या बारा किल्ल्यांपैकी एक म्हणून सिंधुदुर्गही जागतिक वारशाच्या यादीत गेला, म्हणून होडीची रांग लहान होण्याची आशा ठेवू नका. मधल्या वारी जा.

पावसाळ्यात किल्ल्याच्या होड्या बंद असतात आणि टूरला अर्थ उरत नाही. अपवाद नारळी पौर्णिमेचा. त्या दिवशी मालवण बंदरावर समुद्राला नारळ अर्पण करायला सगळं गाव लोटतं. त्यासाठी कुठली टूर नको, पायी जा आणि लवकर जागा धरा. ड्रोनचा विचार असेल, तर किल्ला संरक्षित स्मारक आहे, परवानगी हातात असल्याशिवाय बॅगेतून काढूच नका.

पैशांचा हिशोब करताना दर माणशी आकडा फसवतो. तयार टूर माणशी असते, पण होडी आणि पाण्यातले खेळ बहुधा त्यात धरलेले नसतात. रिक्षा गाडीमागे असते, दोघं-तिघं असाल तर फरक जवळजवळ मिटतो. काकांना मी ठरल्यापेक्षा थोडं जास्त दिलं, कारण सूर्य बुडाल्यावर त्यांनी मला तासभर एका शब्दाने घाई केली नाही.

मुलं, आईवडील सोबत असतील आणि सगळ्यांनी मिळून किल्ला बघायचा असेल, तर तयार टूर घ्या आणि पहाट स्वतःची ठेवा. टूरची गाडी यायच्या आधी तीन तास तुमचेच असतात. मुक्काम दांडीजवळ किंवा देवबागला घेतला की ते चालत जमतं.

मुंबईहून रात्रीच्या गाडीने कुडाळला उतराल, तर त्या दिवसाचा सूर्योदय रेल्वेतच गेलेला असतो. म्हणून तुमचा एक दिवस दुपारी तीनला सुरू करा आणि दुसऱ्या दिवशी अकराला संपवा. रिक्षावाले याला सहज तयार होतात, छोट्या टूरवालेही आधी सांगितलं तर होतात. साडेचारला दांडी, सूर्य बुडाल्यावरही तिथेच. रात्री देवबाग. सहाला नदीकाठ, सातनंतर रापण कुठे लागली आहे ते विचारत किनाऱ्याने मालवणकडे आणि नऊच्या होडीने किल्ला, विहिरींपर्यंत. लेन्स पुसायला दोन सुती फडकी वेगवेगळ्या पिशव्यांत ठेवा. खारी हवा पहिलं फडकं तासाभरात निकामी करते.