बी, ऊन आणि रोप : मुलांसाठी कोणते पुस्तक घ्यावे?

बी रुजून रोप होण्याच्या विषयावरची मुलांची चित्रपुस्तके दुकानात चाळली, तर ती वरवर एकसारखीच दिसतात. मुखपृष्ठावर दोन पानांचा कोंब असतो, कोपऱ्यात सूर्य असतो आणि बहुधा झारी घेतलेले एखादे मूलही असते. प्रत्यक्षात त्यांतील प्रत्येक पुस्तक निराळ्या प्रश्नाचे उत्तर देत असते. पेरलेले उगवेल का, मातीखाली नेमके काय घडते आणि एवढे मोठे झाड तयार होते ते कशापासून, असे ते तीन प्रश्न आहेत. आपले मूल सध्या यांपैकी कोणत्या प्रश्नापाशी आहे हे पाहून पुस्तक निवडावे. मागच्या बाजूला छापलेल्या वयोगटाचा त्या कामी फारसा उपयोग होत नाही. या लेखात अमेरिकेत प्रसिद्ध झालेल्या पाच इंग्रजी पुस्तकांचा विचार केला आहे. इंग्रजी माध्यमात शिकणाऱ्या मुलांचे मराठी पालक आणि शाळेच्या ग्रंथालयासाठी खरेदी करणारे शिक्षक यांच्यासमोर निवडीच्या वेळी ही पुस्तके हमखास येतात.

पहिल्या प्रश्नासाठी दोन गोष्टीची पुस्तके आहेत. रूथ क्राउस यांचे ‘द कॅरट सीड’ १९४५ सालचे असून त्याची चित्रे क्रॉकेट जॉन्सन यांची आहेत. एक मुलगा गाजराचे बी पेरतो. आई, वडील आणि मोठा भाऊ ते उगवणार नाही असे सांगत राहतात, तरी तो रोज तण काढतो, पाणी घालतो आणि शेवटी गाजर उगवते. सुमारे शंभर शब्दांत कथा संपते. तीन वर्षांच्या मुलालाही ती समजते आणि पुन्हा पुन्हा ऐकावीशी वाटते, कारण घरातली मोठी माणसे चुकीची ठरतात. लेखिकेने पीकही नेमके निवडले आहे: गाजराचे बी उगवायला दोन-तीन आठवडेसुद्धा घेते आणि तोवर कुंडीत काहीच दिसत नाही, त्यामुळे कथेतली वाट पाहणे खोटे वाटत नाही. मात्र बी कसे रुजते याविषयी पुस्तक एक अक्षरही सांगत नाही. ते वाचल्यानंतर गाजर चिरताना ‘यात बी कुठे आहे?’ असा प्रश्न आला, तर गाजर हे मूळ आहे, जमिनीत तसेच राहू दिले तर त्याला पुढच्या हंगामात फुले येतात आणि बी त्या फुलांत धरते, हे पालकांनाच सांगावे लागते.

एरिक कार्ल यांचे ‘द टायनी सीड’ (१९७०) याच प्रश्नाचे अधिक कठोर उत्तर देते. वाऱ्यावर निघालेल्या बियांपैकी एक बर्फाळ डोंगरावर पडते, एक समुद्रात, एक वाळवंटात. एकीला पक्षी खातो, एकीला उंदीर. ज्या रुजतात त्यांतलीही एखादी पायाखाली चिरडली जाते, तर एखादीचे फूल खुडले जाते. सर्वांत लहान बी तेवढी तगते, तिचे घरापेक्षा उंच फूल होते आणि वारा तिच्या बिया पुन्हा उधळून नेतो. बहुतेक बिया मरतात, ही वनस्पतींच्या जीवनातली मोठी वस्तुस्थिती या पाचांपैकी एवढे एकच पुस्तक उघडपणे सांगते आणि तेही रंगवलेल्या कागदांच्या देखण्या चिकटचित्रांतून. त्यात दोन अडचणी आहेत. एक बी सूर्याच्या फार जवळ जाऊन जळते असा त्यात प्रसंग आहे आणि ‘हे खरे आहे का?’ असे विचारणाऱ्या पाच-सहा वर्षांच्या मुलासमोर तो सावरून घ्यावा लागतो. शिवाय कथेचे ऋतुचक्र थंड प्रदेशातले आहे: शरदात बी उडते, हिवाळाभर बर्फाखाली निजते आणि वसंतात रुजते. आपल्याकडे बी उन्हाळाभर तापलेल्या जमिनीत पडून राहते आणि मृगाच्या पावसाने जागे होते. शिकागोत किंवा टोरांटोत वाढणाऱ्या मराठी मुलाला कथा जशीच्या तशी लागू पडेल. साताऱ्यातल्या मुलाला ती वाचून दाखवताना हा फरक बोलून दाखवावा, म्हणजे एका पुस्तकातून दोन हवामाने समजतील.

मातीखाली काय घडते या प्रश्नासाठी हेलेन जॉर्डन यांचे ‘हाऊ अ सीड ग्रोज’ मला सर्वांत उपयुक्त वाटते. मूळ पुस्तक १९६० चे आहे. सध्या मिळते ती आवृत्ती लोरेटा क्रुपिन्स्की यांनी १९९२ मध्ये नव्याने काढलेल्या चित्रांची आहे. बारा अंड्यांच्या टरफलांत माती भरायची, प्रत्येकात शेंगवर्गीय रोपाचे एकेक बी पेरायचे, टरफलांवर क्रमांक घालायचे आणि ठरावीक दिवसांनी एकेक बी उकरून पाहायचे, अशी त्यातली कृती आहे. उगवत्या रोपाला हात लावायचा नाही ही शिस्त मुलांना सगळीकडे शिकवली जाते. येथे पुस्तकच उकरण्याची परवानगी देते, त्यामुळे आधी मूळ बाहेर पडते आणि कोंब मागून येतो हे मूल स्वतःच्या डोळ्यांनी पाहते. ज्या घरात अंडी येत नाहीत तेथे कागदी कप चालतात. बियाणे निवडताना मात्र थोडे लक्ष द्यावे. चवळी, घेवडा किंवा राजमा घेतला तर बीचे दोन्ही जाड दल मातीच्या वर उचलले जातात, पुस्तकातल्या चित्राशी जुळतात आणि पुढे सुरकुतून गळतात. हरभरा किंवा वाटाणा घेतला तर दल मातीतच राहतात, वर फक्त कोंब येतो आणि आपले काहीतरी चुकले असे मुलाला वाटते. डाळ तर उगवतच नाही, हे सांगायला नकोच.

गेल गिबन्स यांचे ‘फ्रॉम सीड टू प्लांट’ (१९९१) माहितीच्या दृष्टीने अधिक भरगच्च आहे. फुलाचे भाग, परागीभवन, वारा-पाणी-प्राणी यांच्याद्वारे होणारा बीजप्रसार हे सर्व त्यात नावनिशीवार आकृत्यांसह येते आणि काचेच्या बरणीत काळा कागद लावून बी रुजवण्याचा प्रयोगही दिला आहे. इंग्रजी माध्यमातल्या तिसरी-चौथीच्या मुलाला अभ्यासाला जोड म्हणून ते उत्तम आहे. निजताना वाचायला ते कोरडे वाटते.

तिसऱ्या प्रश्नाच्या मुळाशी पहिली चारही पुस्तके जात नाहीत. सूर्यप्रकाश त्यांत पाणी आणि माती यांच्या बरोबरीचा एक घटक म्हणून येतो आणि त्यातून मुलांच्या मनात गोंधळ होतो. रुजायला ऊन लागते असे मुले समजतात. वास्तविक आपल्या स्वयंपाकघरात फडक्यात बांधलेली मटकी अंधारातच मोड काढते, कारण बीच्या दलांत साठवलेले अन्न तिला तेवढ्यापुरते पुरते. ऊन लागते ते नंतर, हिरवी पाने फुटल्यावर. आणि ‘वनस्पती सूर्यप्रकाशात आपले अन्न तयार करतात’ हे वाक्य घोकलेल्या मुलालाही ‘झाडाचे अन्न कोणते?’ असे विचारले, तर ते बहुधा खत किंवा माती असे उत्तर देते.

मॉली बँग आणि पेनी चिझम यांचे ‘लिव्हिंग सनलाइट’ (२००९) नेमका हा गोंधळ सोडवते. चिझम या अमेरिकेतील एमआयटी या विद्यापीठातील सागरी सूक्ष्मजीवांच्या अभ्यासक आहेत आणि ते शास्त्र पुस्तकात पातळ झालेले नाही. निवेदक स्वतः सूर्य आहे. तो मुलाला छातीवर हात ठेवायला सांगतो आणि तिथे जाणवणारी ऊब हा आपलाच प्रकाश असल्याचे सांगतो. मग प्रकाशाच्या ऊर्जेने पान पाण्याचे रेणू कसे तोडते, त्यातला ऑक्सिजन हवेत कसा सुटतो आणि हवेतल्या कार्बन डायऑक्साइडपासून साखर कशी बनते, हे टप्प्याटप्प्याने उलगडते. गडद पार्श्वभूमीवरचे पिवळे ठिपके ऊर्जेचा प्रवास दाखवतात, त्यामुळे वाचता न येणारे मूलही बोटाने तो माग काढू शकते. झाडाचे वजन मुख्यतः हवा आणि पाण्यातून येते, हे मोठ्यांनाही चटकन पटत नाही. सतराव्या शतकात व्हॅन हेल्मोंट या शास्त्रज्ञांनी कुंडीत विलो या झाडाचे रोप पाच वर्षे वाढवले. झाड सुमारे ७४ किलोंनी वाढले आणि माती जेमतेम ५७ ग्रॅमने घटली. त्यांनी सगळे श्रेय पाण्याला दिले, हवेचा वाटा त्यांच्या लक्षात आला नाही. या पुस्तकाला प्रयोगाची जोड नाही, हा प्रसंग सांगून ती उणीव थोडी भरून काढता येते. शेवटी मोठ्यांसाठी सविस्तर टिपा आहेत, त्या आधी वाचून घ्याव्यात. सहा-सात वर्षांखालच्या मुलाला रेणूंचा भाग जड जाईल.

दोनच पुस्तके घ्यायची असतील तर जॉर्डन आणि बँग-चिझम यांची जोडी घ्यावी. पहिले पावसाळ्याच्या तोंडावर, दुसरे एखाद-दोन वर्षांनी. घरात तीन-चार वर्षांचे मूल असेल तर आरंभ क्राउस यांच्यापासून करावा. कार्ल यांचे पुस्तक वर्गात मोठ्याने वाचायला आणि चित्रे दाखवायला सर्वांत चांगले, म्हणून शाळेने ते मोठ्या आकारात मिळाले तर पाहावे. गिबन्स यांचे पुस्तक ग्रंथालयातून आणले तरी भागते. ज्या मुलाला इंग्रजी अजून परके आहे, त्याच्यासाठी ही महाग पडणारी पुस्तके मागवण्याची घाई करू नये. ‘प्रथम बुक्स’ या प्रकाशन संस्थेच्या ‘स्टोरीवीवर’ या संकेतस्थळावर मराठी चित्रपुस्तके मोफत वाचता येतात. आधी तेथे शोधावे आणि जॉर्डन यांची टरफलांची कृती पुस्तकावाचूनच, मराठीत बोलत बोलत करावी.