डीसीआयएस: स्तन ठेवून उपचार की पूर्ण स्तन काढणं?

मॅमोग्राफीत चुन्याचे बारीक कण दिसतात, सुईने तुकडा काढून तपासतात आणि रिपोर्टवर 'डीसीआयएस' (डक्टल कार्सिनोमा इन सिटू, म्हणजे स्तनातल्या दुधाच्या नळीतच असलेला कॅन्सर) येतं. मग घरात पहिला सूर निघतो, "काढूनच टाका ना एकदाचं." ताई, या सुराच्या भरात निर्णय घेऊ नका. पेशी कॅन्सरच्या आहेत, पण दुधाच्या नळीतच आहेत. नळीची भिंत त्यांनी ओलांडलेली नाही, म्हणून याला शून्य अवस्था म्हणतात. केमोथेरपी लागत नाही. विचार करायला काही आठवडे नक्की आहेत, पण वर्षं नाहीत. उपचाराविना काहींचा आजार नळीबाहेर जातो आणि कोणाचा जाईल हे आधी ठाम सांगता येत नाही.

पहिला मार्ग म्हणजे तेवढा भाग काढून नंतर रेडिएशन. काढलेल्या भागाची कड किमान 2 मिलिमीटर स्वच्छ, म्हणजे कॅन्सरच्या पेशी नसलेली हवी, नाहीतर पुन्हा शस्त्रक्रिया होऊ शकते. नुसतं ऑपरेशन केलं तर दहा वर्षांत साधारण 28 टक्के स्त्रियांना त्याच स्तनात आजार परततो. रेडिएशन घेतलं तर तो आकडा 13 टक्क्यांवर येतो. परतलेल्यांपैकी निम्म्यांत तो पसरणाऱ्या प्रकारचा असतो, म्हणून रेडिएशनला सहज नाही म्हणू नका.

पूर्ण स्तन काढल्यावर आजार त्या जागी परतण्याचं प्रमाण एक-दोन टक्क्यांवर येतं आणि रेडिएशन बहुधा लागत नाही. पण जीव वाचण्याच्या हिशेबात दोन्ही मार्ग जवळपास सारखेच आहेत, आणि घरच्या चर्चेत नेमकं हेच राहून जातं. स्तन काढण्याची किंमतही मोठी आहे: छातीचा बधिरपणा, आरशातलं बदललेलं शरीर, हवी असेल तर पुनर्रचनेची वेगळी शस्त्रक्रिया. आजार स्तनात अनेक ठिकाणी विखुरलेला असेल, कड स्वच्छ मिळतच नसेल किंवा छातीला आधी रेडिएशन झालं असेल, तर मात्र हाच मार्ग बरा. त्यावेळी काखेतली पहिली लसिका ग्रंथी (आजार पसरला तर आधी जिथे पोहोचतो ती) तपासायची का, हे ऑपरेशनआधीच ठरवा. स्तन काढल्यावर ती नीट शोधता येत नाही.

नागपुरात जामठ्याच्या नॅशनल कॅन्सर इन्स्टिट्यूटमध्ये आणि राष्ट्रसंत तुकडोजी रुग्णालयात रेडिएशन मिळतं. हल्ली 15-16 बैठकांचा, म्हणजे सुमारे तीन आठवड्यांचा कोर्स पुरतो. गडचिरोली-गोंदियाहून येणाऱ्या बाईला राहण्याची सोय हाच खरा अडसर असतो, आणि तेवढ्यासाठी स्तन गमावलेला मला पाहवत नाही. म्हणून तारीख घेतानाच राहण्याचं विचारा. मे महिन्याच्या उन्हात त्वचा जास्त चुरचुरते, सैल सुती कपडे वापरा.

फक्त लक्ष ठेवण्याचा तिसरा मार्गही आहे. कमी धोक्याच्या आजारात दोन वर्षांपर्यंत हा मार्ग ऑपरेशनपेक्षा वाईट ठरला नाही, असे निष्कर्ष 2024 मध्ये आले. पण दोन वर्षं हा लहान काळ आहे. सहा-सहा महिन्यांनी मॅमोग्राफीला येणं ज्यांना जमणार नाही, त्यांनी हा मार्ग धरू नये.

माझं मत असं: आजार एकाच जागी आणि आटोपशीर असेल तर स्तन ठेवा, रेडिएशन पूर्ण घ्या. रिपोर्टमध्ये ईआर पॉझिटिव्ह (पेशी इस्ट्रोजेन हार्मोनवर वाढणाऱ्या) असेल तर टॅमॉक्सिफेन या हार्मोन रोखणाऱ्या गोळीबद्दल विचारा. दुसऱ्या स्तनातला धोकाही त्याने कमी होतो. ग्रेड (पेशी किती आक्रमक दिसतात) किती, पसारा किती मिलिमीटर, हेही डॉक्टरांकडून लिहून घ्या. शंका असेल तर तपासलेल्या तुकड्याच्या काचपट्ट्या (स्लाइड) आणि मेणात जपलेला तुकडा (ब्लॉक) मागून घेऊन दुसऱ्या पॅथॉलॉजिस्टला दाखवा.